उजव्या गालावरचा दिवा

२८ सप्टेंबर ९७, रविवार

तो येतोय. नबीलने अदलिया भागातल्या ऑफिसात शिरल्या शिरल्या सांगितलं आणि वर म्हणाला, "इक्बाल, यू विल बी व्हेरी हॅप्पी." हॅप्पी! नबील माझा बॉस, बहारिनी, मनाने वाईट नाही. पण कुणाला कशाने आनंद होतो हे त्याला आजवर कळलेलं नाही. टीव्हीवाल्यांना अर्ध्या तासाचा कार्यक्रम हवाय. जर्मन कॅमेरामन हार्टमुट, टीव्ही ते डॉक्युमेंटरी, सगळी कारकीर्द. त्याची बक्षीसवाली फिल्म इथली, म्हणून मुलाखतही इथेच. प्रश्न नबील विचारणार. कॅमेरा माझा, लाईट माझे.

पुढे नुसतं ह. लिहीन. पूर्ण नाव लिहायला हात धजत नाही.

घरी रुकय्याला सांगितलं. ती चपात्या लाटत होती. लाटणं थांबलं. "तो? भाईंवाला?" म्हटलं, तोच. तिने लाटणं असं आपटलं की खालच्या मजल्यावरच्या मल्याळ्याने छत ठोकलं.

बायको उर्दू शाळेतली, माझं हे मराठी वाचायचा तिला कंटाळा. त्यामुळे इथे शिव्या मोकळ्या मनाने घालता येतात. आज घालत नाही. आज नुसता बसलोय.

३० सप्टें., मंगळ

ह.च्या कामाच्या कॅसेट आल्या, खोकंभर. कुठले तुकडे घ्यायचे ते मी काढायचं. दिवसभर तेच.

सुरुवातीला हा टीव्हीच्या बातम्यांचा कॅमेरामन. संप, पूर, मंत्र्यांच्या गाड्या. मग पोलिसांची एक फालतू मालिका. त्यातही एका म्हातारीचा शॉट असा, की मी मागे नेऊन पुन्हा पाहिला. मग डॉक्युमेंटऱ्या. कोळशाची खाण, माणसांच्या डोक्यावरच्या दिव्यांचाच काय तो उजेड. थंड समुद्रातले कोळी, दाढीत बर्फ. आफ्रिकेत विहिरीशी बसलेली एक बाई, कॅमेरा नुसता तिच्याकडे बघत राहतो, घाई नाही, लाडीगोडी नाही. हरामखोर चांगला आहे. दात ओठ खात लिहितोय, पण खोटं कशाला लिहू. माझ्या हातात जे काय आहे त्यातलं निम्मं त्याच्याकडूनच उचललेलं.

शेवटची कॅसेट यार्डची. अठ्ठ्याऐंशी साल. मी तेव्हा त्याचा असिस्टंट, फोकस माझ्याकडे.

लावू नको लावू नको म्हणत लावली.

भाई दिसला. माझा यासीनभाई, जहाजदुरुस्तीच्या यार्डात वेल्डर, ज्याने मला व्हिसा पाठवून इथे आणलं. अख्ख्या स्क्रीनभर चेहरा. ओठावरचा तीळ, कपाळावरची ठिणगीची खूण, सगळं. सांगतोय की जहाजाच्या टाकीत एक माणूस गुदमरून मेला आणि कंपनीने हार्ट फेल लिहिलं. हिंदीत सांगतोय, अडखळत, मध्येच आपल्या बोलीत "काय सांगू आता" म्हणतोय. त्या "काय सांगू"वर मी बंद केली.

ठरलं होतं ते वेगळंच. भाईने एकच अट घातली होती, चेहरा दिसता कामा नये. ह. हसून म्हणाला होता, "ओन्ली शॅडो, माय फ्रेंड." भाईला खिडकीला पाठ करून बसवलं. असं बसवलं की बाहेरचा उजेड दिसतो आणि माणूस काळा. भाईने मला विचारलं, बरोबर ना रे? मी व्ह्यूफाइंडरमध्ये बघून सांगितलं, बरोबर, काळा दिसतोस. खरंच दिसत होता. मग कॅमेरा सुरू झाला, भाई बोलायला लागला, आणि त्या मेलेल्या माणसाचं नाव निघालं तसा ह.चा हात लेन्सवर आला. माझ्या बोटांच्या शेजारून त्याने ॲपर्चरची रिंग फिरवली. खिडकी पांढरीफटक झाली आणि भाईचा चेहरा वर आला. मी त्याच्याकडे बघितलं. त्याने डोळ्याने खुणावलं, गप्प, चालू राहू दे. नंतर म्हणाला, हे फक्त माझ्यासाठी, फिल्ममध्ये घेणार नाही.

घेतलं. जर्मनीत बक्षीस मिळालं. कुणीतरी कॅसेट यार्डच्या ऑफिसात आणून दिली. आठवड्यात भाईचा व्हिसा कॅन्सल, पासपोर्टवर शिक्का, खलास. फिल्मच्या शेवटी माझं नाव नव्हतं म्हणून मी वाचलो. ह.ला पत्र टाकलं तर उत्तर आलं, चूक लॅबची आहे, छपाईत उजळ झालं. लॅबची! माझ्या बोटांना घासून गेला होता त्याचा हात.

२ ऑक्टो., गुरु

मुहर्रकला विमानतळावर आणायला मीच. नबीलला वाटतं माझ्यावर मेहेरबानी केली.

म्हातारा झालाय. पोट सुटलंय, केस गेलेत, गॉगल लावून आला. "इक्बाल! माय फोकस मॅन!" म्हणून मिठी मारली. मी लाकडासारखा उभा. गाडीत बसता बसता विचारलं, "हाऊ इज युअर ब्रदर?"

नऊ वर्षं मी या प्रश्नाची वाट बघत होतो. तोंडावर काय काय फेकायचं ते पाठ होतं माझं. भाई चिपळूणच्या बाजारात दुसऱ्याच्या शेडमध्ये खिडक्यांच्या जाळ्या जोडतो, परत कुठल्याच गल्फचा व्हिसा लागला नाही, गावात त्याला अजून हाकललेला म्हणतात. आणि मी काय म्हणालो? "फाइन, फाइन." हॉटेल येईपर्यंत समोर रस्ता बघत होतो.

स्वतःच्याच थोबाडीत द्यावीशी वाटते.

४ ऑक्टो., शनि

जागा बघायला गेलो. मुलाखतीसाठी मुहर्रकमधलं एक जुनं घर मिळालंय, चौकात झाड, खोल्या उंच, भिंती जाड. आधी बुसैतीनच्या किनाऱ्यावर त्याचे चालतानाचे शॉट घेतले. ओहोटी होती, होड्या चिखलात बसलेल्या.

काहीतरी आहे.

एक, दाराच्या उजव्या चौकटीला खांदा आपटला. दोन, चहा घेताना कप चुकला, बशीत ओतला, आणि हसून सारवासारव केली. तीन, कॅमेऱ्यातून बघू का म्हणाला, आणि डावा डोळा लावला. हा माणूस उजव्याने बघायचा. आयपीसच्या रबराचा गोल वळ असायचा उजव्या डोळ्याभोवती, आम्ही पोरं मागून हसायचो.

गॉगल काढत नाही. घरातसुद्धा.

६ ऑक्टो., सोम

आज स्वतःच बोलला. गाडीत, एअरकंडिशन लावून, काचा वर करून.

उजवा डोळा गेला. दोन वर्षं झाली. आधी धूसर, मग पूर्ण. बुबुळावर पांढरट आलंय आणि डोळा एका जागी थिजल्यासारखा राहतो. जर्मनीत कुणाला माहीत नाही, बायकोला सोडून. आता एका मोठ्या चॅनलची समुद्रांवरची मालिका त्याला मिळतेय, शेवटचं मोठं काम म्हणाला. विमा कंपनीला कळलं की एका डोळ्याचा कॅमेरामन, तर खलास. आणि हा कार्यक्रम तिकडे जाणार. त्या चॅनलनेच कॉपी मागवलीय.

मग माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "यू लाइट मी फ्रॉम द लेफ्ट. गॉगल घालून मुलाखत दिली तर लोक विचारतील. उजवी बाजू अंधारात ठेव. ओन्ली शॅडो. तुला जमतं. माझा तुझ्यावर भरवसा आहे."

अल्ला कसम, तेच शब्द. ह्याला आठवतसुद्धा नाहीये की तेच शब्द.

तळपायाची आग मस्तकात गेली. पण बाहेरून असा थंड, मलाच माझं नवल वाटलं. म्हटलं, "डोंट वरी, सर."

घरी येताना गाडीत एकटाच हसत होतो. सिग्नलला शेजारच्या पिकअपमधल्या पठाणाने वळून बघितलं. नऊ वर्षांनी डाव हातात आलाय, आणि आणून कोणी दिला? त्यानेच.

७ ऑक्टो., मंगळ

रुकय्याला सांगितलं. ती आधी ऐकत होती, मग मांडीवरचं सुपारीचं ताट बाजूला ठेवून नीट बसली.

"म्हणजे दिवा तुमच्या हातात?"

"हो."

"आणि ह्या बाजूला लावला की डोळा दिसणार?"

"चंद्रासारखा दिसणार."

"मग विचार कसला करताय? चांगले दोन लावा!"

बाईचा राग बघून बरं वाटलं. तिला आठवतं ते मला आठवत नाही. भाई परत गेला त्या वर्षी भाभीने ईदला कुणाच्या घरी जायचं टाळलं, मुलगी शाळेतून रडत आली, हे सगळं तिला पत्रातून कळत होतं आणि ती मला सांगत नव्हती. आज सगळं काढलं. एकेक आठवून काढलं. मी जेवलो नाही. ती व्यवस्थित जेवली.

तयारी: उजवीकडून मोठा दिवा, मऊ कापड लावून, म्हणजे डोळ्यात तिरीप जाणार नाही. बघणाऱ्याला वाटावं किती सुंदर लाईट. डावीकडे साधा एक छोटा, त्याला दाखवायला. डाव्या डोळ्याला तो चमकला की समजेल उजेड तिकडूनच येतोय. उजवीकडचं त्याला दिसणारच नाही. मी हे सगळं कागदावर काढलं, मग कागद फाडला, मग पुन्हा काढलं. हात शिवशिवतायत.

९ ऑक्टो., गुरु

केलं.

सकाळीच घर गाठलं. चौकातून ऊन येत होतं ते काळ्या कापडाने बंद केलं. ह. वेळेवर आला, कडक शर्ट, दाढी केलेली. खुर्चीत बसला, गॉगल काढून खिशात घातला. मी डावीकडचा छोटा दिवा लावला, त्याच्या अंगावर येईल असा वळवला. "गुड?" त्याने विचारलं. म्हटलं, गुड. मग उजवीकडचा मोठा लावला. त्याने मान हलवली नाही.

व्ह्यूफाइंडरमध्ये बघितलं. बघवेना आणि नजर काढवेना. डोळा असा समोर आला, शिजलेल्या माशाचा असतो तसा. नबील मॉनिटरपाशी खुर्चीत, त्याला डोळ्याबिळ्याचं काही माहीत नाही. हळूच म्हणाला, "वल्ला, व्हॉट अ फेस." पहिले काही प्रश्न मी लांबूनच घेतले, कमरेपासून वर, त्याचं तोंड कॅमेऱ्यापासून जरा पलीकडे वळलेलं. सुरुवात तशीच करतात म्हणून. त्या शॉटमध्ये डोळा कळत नाही.

मग नबीलने यार्डच्या फिल्मबद्दल विचारलं. मी कान टवकारले. वाटलं, आता तरी. आता तरी म्हणेल की एका माणसाला शब्द दिला होता. किंवा लॅबचं तरी म्हणेल.

तो म्हणाला, माझ्या आयुष्यातला सगळ्यात चांगला शॉट त्या फिल्ममध्ये आहे. एक वेल्डर, खिडकीपाशी. तो बोलायला लागला आणि मला कळलं, असा चेहरा अंधारात ठेवणं गुन्हा आहे. मी उजेड आत घेतला. असं म्हणाला. "आय लेट द लाइट इन." वर हसला.

लॅबचं नाव नाही. भाईचं नाव नाही. नऊ वर्षांपूर्वीचं पत्रातलं खोटं तो विसरलाही असेल.

मी झूम केलं. हळू, त्यानेच शिकवलेलं, घाई नाही, लाडीगोडी नाही. कपाळ कापलं, हनुवटी कापली, दोन डोळे, एक जिता, एक मेलेला. पुढची सगळी मुलाखत तिथेच धरली. ह. समुद्राच्या मालिकेबद्दल उत्साहाने बोलत होता, आणि फ्रेममध्ये त्याची मालिका बुडत होती. मला आनंद झाला. आनंदच झाला, दुसरा शब्द नाही. असिस्टंट नेपाळी आहे, तो माझ्याकडे विचित्र बघत होता.

संपल्यावर ह. उठला, गॉगल लावला, माझा हात दाबला. "थँक यू."

१० ऑक्टो., शुक्र

सुट्टी. नमाजहून आलो, बिर्याणी खाल्ली, झोपलो. गाढ झोप. रुकय्या म्हणाली, लग्नानंतर पहिल्यांदा घोरलात.

११ ऑक्टो., शनि

एडिटिंग. नबील म्हणाला, माझ्याकडे दुसरी जाहिरात आहे, तूच जोड, क्लोजअप घे की लांबचा घे, तुझी मर्जी. म्हणजे तेही माझ्याच हातात. लांबचे शॉट पुरेसे आहेत, वर त्याच्या जुन्या कामाचे तुकडे टाकले तर अख्खा कार्यक्रम डोळा न दाखवता होतो.

नाही होणार. क्लोजअप घेतले. एकामागून एक, टाकत गेलो. खाणीतले दिवे, मग तो डोळा. बर्फातले कोळी, मग तो डोळा. भाईचा शॉट मात्र टाकला नाही. त्याचा चेहरा पुन्हा कुणाला फुकट दाखवायचा नाहीये मला.

१२ ऑक्टो., रवि

ह.चं विमान आज. नबीलने पुन्हा मलाच पाठवलं. मी म्हटलं ठीक, शेवटचं तोंड बघून घेऊ.

सामान दिलं, बोर्डिंग कार्ड घेतलं, वेळ होता. कॉफी घेऊया म्हणाला. ह्या वेळी कप नीट धरला, आधी बोटाने चाचपून. मग गॉगल काढून टेबलावर ठेवला आणि त्या दोन्ही डोळ्यांनी माझ्याकडे बघितलं.

"इक्बाल," म्हणाला, "माझ्या उजव्या गालाला ऊब लागत होती. सगळा वेळ."

मी कप खाली ठेवला.

"दिसत नाही मला तिकडचं. पण दिव्यांच्या समोर आयुष्य गेलं. मोठा दिवा कुठे आहे ते कातडीला कळतं. तू त्या दिव्याचा मागचा स्क्रू पिळून तो माझ्यावर वळवलास तेव्हाच कळलं."

मी विचारलं, मग उठला का नाहीस?

"उठणार होतो. मग म्हटलं, बसतो." एवढंच. "तुझा भाऊ मजेत नाही ना?" असंही विचारलं. मी मान हलवली, नाही. त्याने डोकं खाली घातलं. आणि मग फ्लाइटची घोषणा झाली, गॉगल लावला, माझ्या खांद्यावर हात ठेवायला गेला आणि अंदाज चुकून हवेतच राहिला. गेला. माफी मागितली नाही. मागितली असती तर मी कॉफी ओतली असती डोक्यावर, ते त्याला कळलं असावं.

पार्किंगमध्ये गाडीला टेकून उभा होतो. घाम असा निथळत होता. च्यायला, बसतो म्हणे! हा कोण बसणारा? मी हिसकावून घेतलं होतं, आणि हा म्हणतो मीच दिलं. भाईला त्या खुर्चीत कुणी विचारलं नव्हतं. रिंग कुठे फिरली हे भाईला कळलं नव्हतं. ह्याला कळलं होतं, दार उघडं होतं, आणि तरी बसला. हे सारखं झालं नाही. उट्टं निघालं नाही, अर्धवट राहिलं.

रुकय्याला सांगितलं तर म्हणाली, "नाटकं. कॅसेट पाठवा."

१३ ऑक्टो., सोम

नबीलचा फोन सकाळपासून. टेप कुठे? टीव्हीवाले विचारतायत, जर्मनीची कॉपीही आजच कुरियरला द्यायचीय. म्हटलं, बुक्रा, उद्या देतो. म्हणाला, नो बुक्रा, टुडे, यल्ला.

दोन टेप करून ठेवल्यात. एकीत डोळा, एकीत नाही. डोळावाली पाठवली तर ह. धाडसी म्हातारा ठरणार, स्वतःहून बसला म्हणून स्वतःचीच पाठ थोपटणार. काम जाईल त्याचं, ते जावंच. पण पाठ थोपटेल. दुसरी पाठवली तर मी भला माणूस. मला भला माणूस व्हायचं नाहीये. आणि दोन्हीत भाई कुठेच नाही.

रुकय्या भांडी घासता घासता म्हणाली, "भाईंना काय हवंय?"

आणि तिनेच नळ बंद केला. आम्ही दोघांनी एवढा दात ओठ खाऊन बेत केला, तिने तर दोन दिवे लावायला सांगितलं, आणि ज्याचा चेहरा गेला त्याला ह. इथे येऊन गेला हेसुद्धा सांगितलेलं नाही. त्या जर्मनानेही विचारलं नव्हतं. आम्हीही नाही.

फोन लावला. भाई काम करतो त्या शेडमध्येच फोन आहे. मालकाने हाक मारली, मागे ग्राइंडर चालू होता, तो बंद झाला. भाई आला, धापा टाकत. "इक्बाल? काय रे, सगळं ठीक?" मी सगळं सांगितलं. ह. आला ते, डोळा, दिवा, मुलाखत, विमानतळ. दोन टेप. आज एक पाठवायचीय. "भाई, तू सांगशील ती."

वाटलं लाईन गेली. हॅलो हॅलो म्हणालो.

मग भाईने विचारलं, "डोळा दुखतो का रे त्याला?"

कुठल्या आवाजात विचारलं ते मला कळलं नाही. कीव होती की दुखावा अशी इच्छा होती, भावाचा आवाज असून कळलं नाही. मी म्हटलं, भाई, म्हणजे? आणि तेवढ्यात खरंच लाईन गेली.

परत लावतोय. खाली नबीलच्या ड्रायव्हरने हॉर्न दिला, रुकय्या त्याला थांबायला सांगायला गेलीय. एंगेज. पुन्हा लावतोय.